पन्हाळ्याखालचं इंग्रजी निशाण

लोणावळ्याहून कुरवंड्याला आलं की एक वाट नागफणीच्या सुळक्याकडे जाते आणि दुसरी घाटाने खाली उंबरखिंडीत उतरते. फेब्रुवारीच्या सुरुवातीला या दुसऱ्या वाटेवर मुलांची गर्दी असते. २ फेब्रुवारी १६६१ ची लढाई, मोगल सरदार कारतलबखानाची कोंडी, त्याच्यासोबतच्या रायबागनचा शहाणा सल्ला, पाण्यावाचून तळमळणारी मोगली फौज, हे सगळं कुणीतरी जाणता माणूस त्यांना सांगत असतो. चिंचवड, तळेगाव, वडगाव, मळवली अशी आपल्याच मावळातून चालत आलेली ती फौज खिंडीत कशी अडकली, हे त्या जागी उभं राहून ऐकताना अंगावर काटा येतो. मी ते अनेकदा ऐकलं आहे आणि पुन्हा ऐकायला जाईन.

माझं भांडण त्या कथेच्या शेवटी जोडल्या जाणाऱ्या एका वाक्याशी आहे. खिंडीतून शिवाजी महाराज कोकणात उतरले, दाभोळ, संगमेश्वर करत मार्चमध्ये राजापुरावर गेले आणि तिथली इंग्रजांची वखार लुटून गोऱ्यांना कैद केलं, इथवर ठीक. मग ते वाक्य येतं: इंग्रज तेव्हा निव्वळ व्यापारी होते, राजकारणाशी त्यांचा संबंध नव्हता, राज्याची भूक त्यांना प्लासीनंतर लागली. गंमत अशी नाही की हे एकाच बाजूचे लोक म्हणतात. खरी काळजीची गोष्ट ही, की दोन्ही बाजू तेच म्हणतात. महाराजांवर लुटारूपणाचा ठपका ठेवणाऱ्याला इंग्रज निरपराध दुकानदार हवा असतो. महाराजांचा जयजयकार करणाऱ्याला तो मान खाली घालून उभा राहिलेला क्षुल्लक दुकानदार हवा असतो. दोघांच्या हाती एकच चुकीचं चित्र आहे.

ते चुकीचं आहे हे दाखवायला फार लांब जावं लागत नाही. राजापूरच्या वखारीचा मुख्य हेन्री रेव्हिंग्टन याचं दोन वर्षांचं वागणं पाहिलं तरी पुरे.

नोव्हेंबर १६५९ मध्ये प्रतापगडाखाली अफजलखान पडला. त्याची जहाजं आणि मालमत्ता शोधत महाराजांची माणसं पुढच्या काही आठवड्यांत राजापूरच्या खाडीपर्यंत आली. त्या गडबडीत फिलिप गिफर्ड हा वखारीतला इंग्रज आणि वखारीचा दलाल त्यांच्या हाती सापडले. पलीकडच्या पक्षाचा सगळ्यात जोरकस मुद्दा हाच आहे, आणि तो मी टाळणार नाही. पहिली धरपकड मराठ्यांनी केली. वखारीतला माणूस वखारीच्या कामावर असताना पकडला गेला. तिथे रेव्हिंग्टनने तक्रार केली, रदबदली केली, तर त्यात त्याचं काहीच चुकलं नाही. गिफर्ड पुढे सुटला.

पण फेब्रुवारी १६६० मध्ये रेव्हिंग्टनने महाराजांशी जो पत्रव्यवहार केला त्यात माणसं सोडा एवढंच नव्हतं. दंडा-राजपुरीच्या किल्ल्याचा विषय त्याने स्वतः काढला. इंग्रजांच्या मैत्रीच्या बदल्यात त्या किल्ल्याच्या कामी काय मिळू शकेल याची चाचपणी केली. दंडा-राजपुरी म्हणजे जंजिऱ्याच्या सिद्दीचं नाक. सुरतकर इंग्रजांना पश्चिम किनाऱ्यावर तटबंदीचं, स्वतःच्या हुकमतीखालचं बंदर हवं होतं आणि त्यांच्या यादीत हे ठिकाण होतं. आता मला सांगा, मिरी आणि कापड तोलणाऱ्या माणसाने आपला माणूस सोडवण्याच्या पत्रात किल्ल्याची बोलणी का करावी? तागडी धरणाऱ्याचं काम गोदामापाशी संपतं. रेव्हिंग्टनचं काम तिथे संपत नव्हतं.

मग पन्हाळा. मार्च १६६० पासून विजापूरच्या सिद्दी जौहरने गडाला वेढा घातला, आत महाराज अडकले. विजापूरकरांचं पारडं जड दिसताच रेव्हिंग्टन राजापूरहून निघाला. बरोबर गिफर्ड होता, मिंगहॅम नावाचा आणखी एक इंग्रज होता, उखळी तोफ होती आणि कुलपी गोळे होते. काही महिन्यांपूर्वी ज्याला मैत्रीचं पत्र लिहिलं त्याच्याच डोक्यावर गोळे टाकायला तो सह्याद्री चढून गेला. गोळे टाकताना त्याने इंग्रजांचं निशाण उभारलं. गडावरून ते दिसलं.

इथे मला सांगितलं जातं की तो तर दारूगोळ्याचा सौदा होता. गिऱ्हाईक आलं, माल विकला. माल विकणं वेगळं आणि विकलेला माल आपल्या हाताने, आपल्या झेंड्याखाली तिसऱ्याच्या गडावर डागणं वेगळं. तळेगावच्या बाजारात कुऱ्हाड विकणारा लोहार आणि ती कुऱ्हाड घेऊन गिऱ्हाइकाच्या भाऊबंदाच्या दारात जाणारा लोहार यांना आपल्या गावातली कुठलीही पंचायत एकाच मापाने मोजणार नाही.

आणि हा माझा एकट्याचा निवाडा नाही. कैदेत पडलेल्या राजापूरकर इंग्रजांनी सुरतेच्या वरिष्ठांना रागाची पत्रं पाठवली: आम्ही कंपनीसाठी तुरुंगात सडतो आहोत आणि तुम्ही आम्हाला सोडवत नाही. मार्च १६६२ मध्ये सुरतेहून त्यांना जे उत्तर गेलं ते इंग्रजांच्याच दप्तरात आहे. त्याचा आशय असा: तुम्ही कैदेत का पडलात हे तुम्हाला चांगलं ठाऊक आहे. कंपनीचा माल राखताना तुम्ही पकडले गेला नाहीत. पन्हाळ्याच्या वेढ्यात जाऊन, इंग्रजांचं म्हणून ओळखलं जाणारं निशाण लावून तुम्ही गोळे फेकलेत, म्हणून पकडले गेलात. ज्याच्यावर असं होईल तो सूड घेईलच.

हे मराठी बखरकाराने लिहिलेलं नाही, महाराजांच्या दरबारातल्या कुणी भाटाने गायलेलं नाही. रेव्हिंग्टनच्या धन्याने रेव्हिंग्टनच्या सोबत्यांना कळवलेलं आहे. निरपराध व्यापाऱ्यांची कथा साडेतीनशे वर्षांपूर्वी, प्रकरण ताजं असतानाच, सुरतेच्या वखारीने नाकारली होती. आपण ती पुन्हा उचलून कुरवंड्याच्या माळावर मुलांना सांगावी, याचं मला मनापासून वाईट वाटतं.

कोणी म्हणेल, त्याच पत्राने तुमचा मुद्दा खोटा पडतो. वरिष्ठांनी हात झटकले, म्हणजे कंपनीचं धोरण तटस्थ होतं, रेव्हिंग्टन एकटा उंडारला. हा आक्षेप मला महत्त्वाचा वाटतो, कारण त्यात तथ्याचा अंश आहे. सुरतेच्या मंडळींना त्याची उडी महागात पडली आणि ती आवडली नाही, हे खरं. पण राजापूर लुटलं गेलं त्या वर्षात लंडनमध्ये काय घडत होतं ते पाहा. राजापूरची वखार खणली गेली मार्च १६६१ मध्ये. ३ एप्रिल १६६१ ला दुसऱ्या चार्ल्सने ईस्ट इंडिया कंपनीला नवी सनद दिली. युद्धनौका, माणसं आणि दारूगोळा पाठवावा, किल्ले बांधावेत, ख्रिस्ती नसलेल्या राजांशी युद्ध वा तह करावा, हे सगळं त्या सनदेत आहे. राजापूरची बातमी तोवर लंडनला पोचलेलीही नव्हती. म्हणजे कोकणातल्या घटनेला दिलेलं ते उत्तर नव्हतं; कंपनीची ती आपली स्वतःची इच्छा होती. रेव्हिंग्टनने परवानगीवाचून जे केलं ते करायची परवानगी त्याच्या धन्यांनी राजाकडून लेखी मागून घेतली. युद्ध आणि तह करण्याचा अधिकार ज्याच्या खिशात आहे त्याला कुठल्या अर्थाने निव्वळ व्यापारी म्हणायचं? वाण्याच्या दुकानात कधी अशी सनद टांगलेली पाहिली आहे का?

रेव्हिंग्टनच्या सोबत्यांना आधी सोनगडावर आणि मग रायरीवर ठेवलं होतं. १६६३ च्या सुरुवातीला ते सुटले. कैद कडक होती, हाल झाले, हे मी नाकारत नाही. राजापुरात इंग्रजांखेरीज इतरही सावकार नागवले गेले, त्यांनी पन्हाळ्यावर गोळे टाकले नव्हते. राज्य उभं करायला पैसा लागतो आणि तो शत्रूच्या भरल्या बंदरातून आणला जातो, ही त्या काळची रोकडी रीत. ज्याला त्याची खंत वाटते त्याने ती जरूर बोलून दाखवावी. पण त्या सावकारांच्या रांगेत रेव्हिंग्टनला बसवू नये.

आता जेराल्ड ऑन्जिअर. हा माणूस माझ्या विरोधकांचा लाडका, आणि त्याबद्दल मी त्यांना दोष देत नाही, कारण तो खरोखर मोठा होता. १६६९ मध्ये तो सुरतेचा प्रेसिडेंट आणि मुंबईचा गव्हर्नर झाला. मुंबई तेव्हा कंपनीला राजाकडून वर्षाला दहा पौंड खंडाने मिळालेली दलदलीची बेटं होती. त्याने १६७२ मध्ये जमीनदारांशी करार करून जमिनीचे तंटे मिटवले, न्यायालय उघडलं, टांकसाळ घातली, जातीजातींच्या पंचायतींना आपापले वाद सोडवायची मोकळीक दिली, वाणी, पारशी, विणकर यांना बोलावून वसवलं. १६७७ मध्ये सुरतेला तो वारला तेव्हा मुंबई ही शहर होऊ पाहणारी जागा होती. या कर्तृत्वाबद्दल त्याला मान द्यायला माझी जीभ अडखळत नाही.

पण यातलं व्यापार किती? न्यायालय, नाणं, जमिनीचा वसूल, तटबंदी, जमीनदारांकडून उभी केलेली शिबंदी: हे राज्यकर्त्याचं कामकाज आहे. १६७३ मध्ये डच आरमार मुंबईसमोर आलं तेव्हा त्याने तोफा रोखून ते परतवलं. सिद्दीचं आरमार पावसाळ्यात मुंबईच्या आसऱ्याला येई. ते महाराजांच्या मुलखात जाळपोळ करणारं आरमार आहे हे ऑन्जिअरला पुरतं ठाऊक होतं. सिद्दीला हाकलावं तर सुरतेत मोगल रुसणार. ठेवून घ्यावं तर कल्याण-पनवेलकडचा लाकूडफाटा आणि धान्य तुटणार. या दोरीवरून तो वर्षानुवर्षं चालला आणि पडला नाही. ही मुत्सद्देगिरी आहे आणि अव्वल दर्जाची आहे. त्याला भला व्यापारी म्हणणं म्हणजे त्याच्या खऱ्या गुणावर पांघरूण घालणं.

महाराजांनी मात्र त्याला पुरतं ओळखलं होतं. जून १६७४ मध्ये कंपनीचा वकील हेन्री ऑक्झिंडन राज्याभिषेकाला रायगडावर आला. चित्रांत तो वाकून मुजरा करताना दिसतो आणि आपलं मन तिथेच तृप्त होतं. पण तो नारायण शेणवी या दुभाष्याला घेऊन आला होता कलमांचा मसुदा पुढे ठेवायला. राजापूरची भरपाई, राजापूर, दाभोळ, चौल आणि कल्याण इथे वखारी, अडीच टक्के जकात, अशी ती कलमं. बहुतेक मान्य झाली. भरपाई म्हणून दहा हजार होन कबूल झाले. यावरून काहीजण म्हणतात, बघा, महाराजांनीच चूक मान्य केली! राजापूरची वखार पुन्हा चालू व्हावी, बंदराला जकात यावी, ही स्वराज्याची गरज होती. भरपाईचा शब्द ही त्या गरजेची किंमत होती. तोही रोख थैल्या मोजून नव्हे, माल आणि जकातीच्या वजावटीने फेडायचा.

माझ्या मते त्या तहातलं खरं वाचण्यासारखं प्रकरण म्हणजे दोन अडलेली कलमं. इंग्रजांचं नाणं स्वराज्यात सरसकट चालावं, आणि किनाऱ्यावर फुटलेल्या इंग्रजी जहाजाचा माल त्यांना परत मिळावा. नाण्यावर महाराजांचं म्हणणं असं की आत जेवढं सोनं-रुपं असेल तेवढ्याच किमतीने रयतेने ते घ्यावं, सक्ती नाही. फुटलेल्या जहाजाचा माल किनाऱ्याच्या धन्याचा, ही कोकणची जुनी रीत मोडायला त्यांनी नकार दिला. ज्यांना निव्वळ दुकानदार समजलं जातं त्यांनी परक्या मुलखात आपलं नाणं आणि आपला किनारी हक्क मागितला, आणि राज्याभिषेकाच्या धामधुमीतही एका माणसाला कळलं की या दोन मागण्या व्यापाराच्या नाहीत. नाणं आणि किनारा ही सार्वभौमाची खूण असते. इंग्रजांना क्षुल्लक ठरवणारा माणूस महाराजांच्या या नजरेलाही क्षुल्लक ठरवतो, हे माझ्या स्वराज्यप्रेमी मित्रांनी एकदा शांतपणे ध्यानात घ्यावं.

पाच वर्षांनी, १६७९ मध्ये, मुंबईच्या तोंडावर खांदेरी बेटावर महाराजांनी किल्ला बांधायला घेतला तेव्हा कंपनीने जहाजं पाठवली, सिद्दीशी हात मिळवले आणि लढाई दिली. बेट मराठ्यांकडेच राहिलं. पुढे रामचंद्रपंत अमात्यांनी आज्ञापत्रात टोपीकरांना, म्हणजे युरोपीयांना, इतर सावकारांपासून वेगळं काढून त्यांच्याबद्दल वेगळा इशारा लिहिला: यांना जागेचा हव्यास आहे, वखारीला जागा द्यायची तर समुद्रकिनाऱ्यावर देऊ नये, पक्की बांधकामं करू देऊ नयेत. प्लासीच्या आधी चार दशकं हे लिहिलं गेलं आहे. अमात्यांना भविष्य दिसत नव्हतं. त्यांच्या पिढीने वखारी पाहिल्या होत्या.

तरीही कुणाला शंका असेल की ही कोकणातल्या दोनचार धडपड्या लोकांची मर्जी होती, तर त्याने लंडनचा सर जोसाया चाइल्ड पाहावा. १६३० चा जन्म. पोर्ट्समथला नौदलाला रसद पुरवून पैसा केला, त्या गावाचा मेयर झाला, पार्लमेंटमध्ये बसला, व्यापार आणि व्याजदरावर पुस्तकं लिहिली, १६७८ मध्ये बॅरोनेट झाला आणि १६८१ मध्ये कंपनीचा गव्हर्नर. राजदरबाराला नजराणे देऊन त्याने कंपनीचा मक्ता राखला. १६८७ मध्ये त्याच्या कंपनीने हिंदुस्थानात पाठवलेल्या आदेशाचा आशय असा होता की मुलकी आणि लष्करी सत्ता उभारा आणि ती चालवायला पुरेल एवढा महसूल मिळवा, म्हणजे इथे कायमच्या इंग्रजी राज्याचा पाया पडेल. १६८७! क्लाइव्ह जन्माला यायला अजून अडतीस वर्षं होती. नकळत राज्य आलं म्हणणाऱ्यांनी या सालापाशी थांबावं आणि मग पुढे बोलावं.

चाइल्डने ते नुसतं लिहून सोडलं नाही. त्याच्या कंपनीने औरंगजेबाशी लढाई काढली. पश्चिम किनाऱ्यावर सर जॉन चाइल्डने मोगली जहाजं पकडली. उत्तरादाखल १६८९ मध्ये सिद्दी याकूत मुंबईत उतरला, माझगाव, शीव, माहीम घेतलं आणि इंग्रजांना किल्ल्यात कोंडलं. १६९० मध्ये कंपनीने बादशहाची माफी मागितली आणि दीड लाख रुपये दंड भरला. हरले, हे खरं. पण हरलेल्या लढाईवरून हेतू नव्हता असं ठरत नाही. हेतू होता, ताकद नव्हती, एवढंच त्यातून ठरतं. ताकद यायला पुढची सत्तर वर्षं लागली.

आणि ती ताकद आपल्या दारात आली तेव्हाही ती व्यापाऱ्यांचीच होती. १७७८ च्या अखेरीस मुंबईकर इंग्रजांची फौज रघुनाथरावाला पुण्याच्या गादीवर बसवायला पनवेलहून निघाली आणि बोरघाट चढून खंडाळ्याला आली. ती कुणाच्या हुकमाने चालत होती? सेनापती कर्नल एगर्टन असला तरी वर एक समिती होती आणि तिच्यात मुंबई कौन्सिलचा जॉन कारनॅक होता. कारनॅक ज्या कौन्सिलीत बसत होता ती ऑन्जिअरच्या वखारीचीच वारस. ४ जानेवारी १७७९ ला कार्ल्यापाशी कॅप्टन स्टुअर्ट पडला; ज्याला आपले लोक इष्टूर फाकडा म्हणून अजून ओळखतात. ९ तारखेला फौज तळेगावात पोचली तेव्हा गाव रिकामं होतं, दाणावैरण जाळलेली. महादजी शिंदे आणि हरिपंत फडके यांनी चारी बाजू धरल्या होत्या. ११ च्या रात्री जड तोफा तळेगावच्या तळ्यात ढकलून इंग्रज मागे फिरले, वडगावला कोंडले गेले आणि तिथे त्यांनी शरणागतीचा तह लिहून दिला. नंतर कलकत्त्याच्या गव्हर्नर जनरलने तो तह मानला नाही.

रेव्हिंग्टन तोफ घेऊन पन्हाळ्याला चढला होता. कारनॅक तोफा घेऊन बोरघाट चढला. मध्ये एकशेअठरा वर्षं आहेत. उंबरखिंड आणि वडगाव यांत एका दिवसाची पायपीट आहे. हे दोन्ही प्रसंग आपण वेगवेगळ्या दिवशी, वेगवेगळ्या भाषणांत साजरे करतो, जणू पहिल्या प्रसंगातले दुकानदार इंग्रज आणि दुसऱ्यातले लष्करी इंग्रज वेगवेगळ्या गावचे होते.

पुढच्या २ फेब्रुवारीला कुरवंड्याहून मुलांना घेऊन उतरणाऱ्यांकडे माझं एक मागणं आहे. कारतलबखानाची गोष्ट जशी सांगता तशीच सांगा, तीत एक शब्दही कमी करू नका. राजापूरपाशी आलात की ते निव्वळ व्यापाऱ्यांचं वाक्य गाळा आणि त्या जागी १६६२ चं सुरतेचं पत्र मराठीत करून वाचून दाखवा. दोन मिनिटं लागतील.